तोंडी सांगितलं, "उद्यापासून येऊ नका": विदर्भातल्या कंत्राटी कर्मचाऱ्यासाठी कोर्टाच्या वाटेचा सविस्तर मार्गदर्शक

मार्च सरत आला की माझा फोन रात्री नऊनंतर वाजू लागतो. मागच्या उन्हाळ्यात एका उपकेंद्रावरच्या आरोग्यसेविका ताईंचा फोन आला. "भाऊ, साहेबानं तोंडीच सांगतलं, उद्यापासून येऊ नको म्हणून. कागद मांगतला तर म्हणे, वरून येईन." मी विचारलं, उद्या सकाळी तुम्ही कुठं असणार? "माहेरी जातो म्हणलं दोन दिवस. मन लागून नाई रायलं."

त्यांना मी माहेरी जाऊ दिलं नाही. कारण मी स्वतः गेलो होतो. साडेनऊ वर्षं एका ग्रामीण रुग्णालयात कंत्राटी प्रयोगशाळा तंत्रज्ञ म्हणून रक्त-थुंकी तपासली आणि एका सोमवारी असंच तोंडी थांबवलं गेलं, तेव्हा मी आठ दिवस घरी बसून राहिलो. पुढे कार्यालयाच्या शपथपत्रात एक ओळ आली: "सदर कर्मचारी स्वतःहून कामावर येण्याचे बंद झाले." त्या ओळीनं माझा दीड वर्षाचा जीव घेतला. मी वकील नाही. पण तेव्हापासून अनेकांच्या फायली लावून दिल्या आहेत, आणि बहुतेक केसेस नागपूरला पोचायच्या आधीच, तालुक्याच्या गावात, कागदाअभावी ढिल्या पडताना पाहिल्या आहेत. म्हणून हे सगळं क्रमानं लिहितो आहे.

पहिले तीन दिवस

तोंडी थांबवलं असेल तर दुसऱ्या दिवशी रोजच्या वेळेला कामाच्या जागी जा. हजेरीपटावर सही करू देत नसतील तर वाद घालू नका, आवाज चढवू नका. तिथंच एका कोऱ्या कागदावर लिहा: "मी आज दि. ___ रोजी सकाळी ___ वाजता कामावर हजर झालो आहे. मला हजेरीपटावर सही करू दिली नाही. मी काम करण्यास तयार आहे. मला कामावरून कमी केले असल्यास लेखी आदेश द्यावा." बस, एवढंच. हा अर्ज आवक टेबलावर द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या.

आता पोच मिळण्याचा प्रश्न. आवक लिपिक म्हणणार, "साहेबांना दाखवल्याशिवाय शिक्का देत नाही." साहेब दौऱ्यावर. शिक्का ड्रॉवरमध्ये, किल्ली दुसऱ्याकडे. त्या लिपिकावर चिडण्यात अर्थ नाही, त्यालाही त्याची नोकरी आहे. खूपदा तोही कंत्राटीच असतो. मी असं करतो: अर्धा तास थांबतो, नाहीच झालं तर त्याच तालुक्याच्या पोस्टातून तोच अर्ज स्पीड पोस्टानं पाठवतो, पावतीवर कार्यालयाचा पत्ता पूर्ण लिहून घेतो, आणि संध्याकाळी कार्यालयाच्या अधिकृत ईमेलवर त्याचा फोटो टाकतो. पूर्वीचं रजिस्टर पोस्ट आता स्पीड पोस्टातच विलीन झालं आहे, त्यामुळे पोस्टात "रजिस्टर" मागत बसू नका. पोस्टाची पावती अर्जाच्या प्रतीला टाचणीनं लावा. थर्मल कागदाची पावती वर्षभरात पांढरी पडते, म्हणून तिची झेरॉक्स त्याच दिवशी काढा. माझ्या एका पावतीवर आज फक्त रेघा उरल्या आहेत.

असे तीन दिवस ओळीनं करा. चौथ्या दिवशीपासून रोज जाण्याची गरज नाही.

तुमचा मालक नेमका कोण

हा प्रश्न साधा वाटतो, पण कोणत्या कोर्टात जायचं ते यावरच ठरतं. एकाच तालुक्यातल्या दोन परिचारिका घ्या. एक ग्रामीण रुग्णालयात, दुसरी प्राथमिक आरोग्य केंद्रात. दोघींचा गणवेश एक, इंजेक्शन एक. पण ग्रामीण रुग्णालय जिल्हा शल्य चिकित्सकांकडे, म्हणजे थेट राज्य शासनाकडे. आणि प्राथमिक आरोग्य केंद्र जिल्हा परिषदेच्या जिल्हा आरोग्य अधिकाऱ्यांकडे. दोघींच्या वाटा इथूनच फुटतात. त्यात एखादीचा आदेश राष्ट्रीय आरोग्य अभियानाच्या जिल्हा सोसायटीनं काढलेला असेल तर तिसरी वाट. माझं तसंच होतं: बसायचो शासनाच्या रुग्णालयात, आदेश सोसायटीचा.

म्हणून सगळ्यात आधी शेवटचा नेमणूक आदेश काढा आणि तीन गोष्टी बघा. सही कुणाची आहे आणि सहीखाली पदनामासोबत काय लिहिलंय. आदेशाच्या वरच्या "संदर्भ" रकान्यात कोणता शासन निर्णय आहे. आणि बँकेच्या पासबुकात मानधन कुणाच्या खात्यातून येतं. पासबुकातल्या त्या नोंदीवरून कधीकधी असं उघडं पडतं की आपण ज्याला शासन समजत होतो ती एजन्सी आहे.

एजन्सीमार्फत, म्हणजे बाह्यस्रोतातून लागलेल्यांची स्थिती सगळ्यात अवघड आहे, हे मी आधीच सांगतो. सप्टेंबर २०२३ मध्ये राज्य शासनानं नऊ खासगी एजन्सींकडून मनुष्यबळ घेण्याचा निर्णय काढला, गावोगाव पोरं रस्त्यावर आली आणि ऑक्टोबरमध्ये तो रद्द झाला. पण आधीपासून एजन्सीत अडकलेले तसेच राहिले. सर्वोच्च न्यायालयानं २००१ मध्ये स्टील अथॉरिटीच्या प्रकरणात सांगितलं आहे की कंत्राटी कामगार पद्धत बंद केली तरी कामगार आपोआप मूळ मालकाचे होत नाहीत. मात्र कंत्राट नुसतं कागदोपत्री, देखाव्याचं असेल तर ते औद्योगिक न्यायालयात सिद्ध करता येतं. एजन्सी तीन वेळा बदलली आणि तुम्ही त्याच खुर्चीवर राहिलात, रजा कार्यालयातले साहेब मंजूर करत होते, कामाचे आदेशही तेच देत होते, याचे कागद असतील तरच त्या वाटेला जा.

कागद जमवणं: हे काम नोकरीत असतानाच

इथं मी जास्त थांबणार आहे, कारण माझं म्हणणं मुळात हेच आहे. नोकरी गेल्यावर तेच कार्यालय तुम्हाला परकं होतं. कालपर्यंत चहा पाजणारा लिपिक नजर चुकवतो. म्हणून आज नोकरीत आहात तर आजच एक जाड फाईल घ्या.

त्यात सर्वांत खाली ठेवायची ती मूळ जाहिरात. वर्तमानपत्रातलं कात्रण असेल तर पेपराचं नाव आणि तारीख दिसेल असं. त्यावर मुलाखतीचं पत्र, निवड यादी किंवा गुणवत्ता यादी. मग पहिला आदेश, रुजू अहवाल, आणि त्यानंतरचा प्रत्येक मुदतवाढीचा आदेश तारखेच्या क्रमानं. यातला एकही गाळू नका. माझ्या साडेनऊ वर्षांतला तिसरा आदेश सापडत नव्हता. पावसाळ्यात घर गळलं, कपाटातली पिशवी भिजली, शाई उतरली. कार्यालयानं म्हटलं, तेवढ्या काळात हा इथं नव्हताच. शेवटी त्या महिन्यांची थुंकी तपासणीची नोंदवही उपयोगी पडली; तिच्यात रोजच्या पानावर माझी सही होती. क्षयरुग्णांच्या नावांवर कागद ठेवून फक्त सह्यांचा भाग आम्ही झेरॉक्स केला.

अकरा महिन्यांचा आदेश आणि मधे एक-दोन दिवसांचा खंड, ही रीत सगळ्यांना माहीत आहे. वहीत एक तक्ता करा: कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत आदेश, मधे किती दिवस खंड, आणि खंडाच्या दिवशी प्रत्यक्ष काम केलं का. खंडाच्या दिवशी लसीकरण सत्र घेतलं असेल, ऑनलाइन पोर्टलवर नोंद भरली असेल, व्हॉट्सॲपवर साहेबांनी काम सांगितलं असेल, तर तो पुरावा वेगळा काढून ठेवा. कृत्रिम खंड दाखवायला यापेक्षा चांगलं काही नाही.

लोक ज्याकडे दुर्लक्ष करतात असे काही कागद: निवडणूक कर्तव्याचा आदेश, कोविडच्या काळात विलगीकरण केंद्रावर लावलेल्या ड्युटीचं पत्र, प्रशिक्षणाला पाठवल्याचं पत्र, नियमित कर्मचाऱ्याचा पदभार तुमच्याकडे दिल्याचा आदेश, तुमच्या सहीनं गेलेले मासिक अहवाल. "हे काम तात्पुरतं होतं" असं कार्यालय म्हणतं तेव्हा पदभाराचा आदेश समोर ठेवला की कोर्टात वेगळं वजन पडतं.

जे कागद तुमच्याकडे नाहीत ते माहिती अधिकारातून मागा. शुल्क १० रुपये, दारिद्र्यरेषेखालच्यांना तेही नाही. महाराष्ट्राच्या नियमांनुसार अर्ज एका विषयाचा आणि १५० शब्दांच्या आत हवा, नाहीतर परत येतो. "का", "कशामुळे" असे प्रश्न विचारू नका. माहिती अधिकारात कागद मिळतात, खुलासे मिळत नाहीत. मी साधारण असा अर्ज लिहून देतो:

"विषय: ___ कार्यालयातील ___ हा संवर्ग. कालावधी: दि. ___ पासून आजपर्यंत. मागितलेली माहिती: १) या संवर्गाच्या मंजूर पदांचा आकृतीबंध व त्याबाबतच्या शासन निर्णयाची प्रत. २) मंजूर, भरलेल्या व रिक्त पदांचे वर्षनिहाय विवरण. ३) कंत्राटी नेमणुकीची जाहिरात, निवड समितीचे इतिवृत्त व गुणवत्ता यादी यांच्या प्रती. ४) माझ्या सर्व नेमणूक व मुदतवाढ आदेशांच्या प्रती. ५) हजेरीपटातील माझ्या नावापुरत्या नोंदींच्या प्रती."

३० दिवसांत उत्तर यायला हवं. नाही आलं किंवा अर्धवट आलं तर पुढच्या ३० दिवसांत त्याच कार्यालयातल्या अपिलीय अधिकाऱ्याकडे पहिलं अपील, आणि तिथंही नाही जमलं तर ९० दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे. विदर्भासाठी आयोगाची नागपूर आणि अमरावती अशी दोन खंडपीठं आहेत. दुसऱ्या अपिलाला फार वेळ लागतो, म्हणून त्यावर कोर्टाचं काम अडवून ठेवू नका. अर्ज केला होता आणि कागद दिले नाहीत, एवढं सिद्ध झालं तरी कोर्ट कार्यालयालाच रेकॉर्ड हजर करायला सांगू शकतं.

त्या पाच मुद्द्यांत आकृतीबंध, म्हणजे मंजूर पदांचा तक्ता, आणि निवड समितीचं इतिवृत्त हे दोन सगळ्यात मोलाचे. का, ते आता सांगतो.

कोर्टाचा कल: उमादेवीपासून आजवर

१० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं कर्नाटक शासन विरुद्ध उमादेवी हा निकाल दिला. कंत्राटी माणसाच्या प्रत्येक केसमध्ये सरकारी वकील पहिल्यांदा हाच निकाल वाचतात. त्याचं सार असं: सरकारी नोकरी सगळ्यांना खुली, जाहिरातीतून आणि स्पर्धेतून मिळाली पाहिजे, नुसतं जास्त वर्षं राहिलो म्हणून कायम होण्याचा हक्क मिळत नाही. पण त्याच निकालाच्या ५३व्या परिच्छेदात एक दार उघडं ठेवलं आहे. मंजूर आणि रिक्त पदावर, पात्रता असलेला माणूस, कोर्टाच्या स्थगितीच्या आधाराशिवाय दहा वर्षं किंवा जास्त काम करत असेल, आणि त्याची नेमणूक "बेकायदा" नसून फक्त "अनियमित" असेल, तर एकवेळची बाब म्हणून त्याला नियमित करण्याचा विचार करा. २०१० मध्ये एम. एल. केसरीच्या निकालात हेच आणखी स्पष्ट झालं.

आता आकृतीबंध कशाला ते कळलं असेल: पद मंजूर होतं हे त्यातून दिसतं. इतिवृत्त आणि जाहिरात कशाला? तुम्ही मागच्या दारानं आला नाहीत, हे त्यातून दिसतं.

आपल्या नागपूर खंडपीठाचा २०१३ चा सचिन डवले प्रकरणातला निकाल इथं लक्षात ठेवण्यासारखा आहे. शासकीय तंत्रनिकेतनांतले कंत्राटी अधिव्याख्याते जाहिरात आणि निवड समितीतून आले होते, पदं मंजूर होती; तीन वर्षं सेवा झालेल्यांना नियमित करायला खंडपीठानं सांगितलं. याच्या उलट, २०१६ चा महाराष्ट्र शासन विरुद्ध अनिता. तिथं विधी अधिकाऱ्यांची पदं शासन निर्णयातूनच कंत्राटी म्हणून निर्माण झाली होती, करारात ते स्पष्ट लिहिलं होतं, आणि सर्वोच्च न्यायालयानं कायमपणा नाकारला. तुमची केस या दोहोंपैकी कुणाच्या जवळ बसते, हे फाईल समोर ठेवून प्रामाणिकपणे ठरवा. लोक फक्त डवले वाचतात आणि मग सुनावणीत अनिता ऐकून हबकतात.

अलीकडे वारं थोडं बदललं आहे. २० डिसेंबर २०२४ च्या जग्गो प्रकरणात केंद्रीय जल आयोगाच्या सफाई कामगारांना नियमित करताना न्यायालयानं सांगितलं की वर्षानुवर्षं कायमस्वरूपी काम करवून घेऊन मग उमादेवीचा आडोसा घेता येणार नाही. जानेवारी २०२५ मध्ये गाझियाबाद पालिकेच्या माळ्यांचं श्रीपाल प्रकरण आणि ऑगस्ट २०२५ मध्ये धरम सिंग प्रकरण त्याच वळणाचं. ताज्या निकालांची प्रत वकिलाकडे आहे का, हे जरूर विचारा.

पण माझा आग्रह असा की एकट्या "कायम करा" या मागणीवर केस उभी करू नका. तीन मागण्या वेगवेगळ्या लिहा. पहिली: नियमित भरती होऊन पात्र उमेदवार येईपर्यंत मला काढू नका, आणि माझ्या जागी दुसरा कंत्राटी आणू नका. १९९२ च्या पियारा सिंग निकालापासून हे तत्त्व पक्कं आहे, आणि अतिथी अध्यापकांच्या मनीष गुप्ता प्रकरणात २०२२ मध्ये पुन्हा सांगितलं गेलं. ही मागणी सगळ्यांत लवकर मिळते. दुसरी: नियमित कर्मचाऱ्याचंच काम करतो तर किमान त्या पदाच्या वेतनश्रेणीचा पाया द्या; याला आधार जगजित सिंग निकालाचा, २६ ऑक्टोबर २०१६. तिसरी: नियमित करा. मला स्वतःला पहिली मिळाली. त्या आदेशावर मी पुन्हा प्रयोगशाळेत जाऊन बसलो आणि घरातली चूल चालू राहिली. तिसरीची लढाई मी पगार घेत लढू शकलो.

राष्ट्रीय आरोग्य अभियानातल्यांसाठी आणखी एक आधार आहे: १४ मार्च २०२४ चा शासन निर्णय. दहा वर्षं सेवा झालेल्यांच्या समायोजनाचा, म्हणजे नियमित पदांवर सामावून घेण्याचा, तो निर्णय अमलात आणा म्हणून ऑगस्ट २०२५ मध्ये राज्यभर संप झाला. तुम्ही त्यात बसत असाल तर मागणी "धोरण करा" अशी नको, "केलेलं धोरण मला लागू करा" अशी लिहा. कोर्टाला दुसरी मागणी मान्य करणं पुष्कळ सोपं जातं.

डाग लावून काढलं असेल तर गोष्ट वेगळी. आदेशात "असमाधानकारक काम", "गैरवर्तन", "अफरातफर" असे शब्द असतील आणि चौकशी झालीच नसेल, तर कंत्राटी माणसालाही म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते. २०२४ च्या स्वाती प्रियदर्शिनी प्रकरणात मध्य प्रदेशातल्या शिक्षण अभियानाच्या कंत्राटी अधिकारी बाईंची सेवासमाप्ती याच कारणानं रद्द झाली. आणि बाळंतपणाच्या रजेत करार संपला म्हणून रजेचा पगार बुडवता येत नाही, हे कविता यादव प्रकरणात १७ ऑगस्ट २०२३ रोजी ठरलं आहे. आमच्या भागातल्या कितीतरी आरोग्यसेविका आणि समुदाय आरोग्य अधिकारी ताई हा हक्क न मागताच सोडून देतात. सोडू नका.

"कायमपणाचा दावा करणार नाही": त्या कागदावर सही करावी का

दर नव्या आदेशाच्या वेळी स्टॅम्प पेपरवर हे वाक्य असतं. सही केली नाही तर नोकरी नाही. मी सही करायलाच सांगतो, पोट आहे. पण त्याच आठवड्यात साधं पत्र द्या: "सदर करारनाम्यावर मी माझे कायदेशीर हक्क अबाधित ठेवून सही केली आहे." दोन पक्षांची ताकद फार विषम असताना लादलेली अन्यायकारक अट कोर्ट मानत नाही, हे १९८६ च्या ब्रोजोनाथ गांगुली निकालापासून सांगितलं जातं. तरी त्या अटीला काहीच वजन नाही असं समजू नका. अनिता प्रकरणात करारातल्या अटीच कर्मचाऱ्यांच्या आड आल्या.

नवी जाहिरात निघाली तर तीत अर्ज करा, हक्क राखून असं लिहून. रुसून अर्जच केला नाही आणि केसही हरली, अशी दोन्हीकडून बुडालेली घरं मी पाहिली आहेत.

निवेदन

कोर्टात जाण्याआधी एक नीट निवेदन द्यावं लागतं. एका पानाचं, फार तर दोन. नेमणुकीची तारीख, पद, एकूण सेवा, मंजूर पद असल्याचा आधार, मागणी, आणि "३० दिवसांत निर्णय कळवावा". नेमणूक करणाऱ्या अधिकाऱ्याला मूळ प्रत. जिल्हा परिषद असेल तर मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांना, सोसायटी असेल तर सोसायटीच्या सदस्य सचिवांना. पालकमंत्री, आमदार, खासदार यांना प्रत द्यायची तर द्या, पण त्यानं कायद्याची मुदत थांबत नाही.

इथंच सगळ्यात मोठी चूक होते. एका निवेदनाला उत्तर नाही म्हणून दुसरं, मग तिसरं, मग आझाद मैदानावर धरणं, आणि अशी तीन वर्षं जातात. वारंवार निवेदनं दिल्यानं मुदत वाढत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २००८ मध्ये सी. जेकब प्रकरणात स्पष्ट केलं आहे. निवेदन एकच, आणि ते दिल्याच्या दिवशी कॅलेंडरवर पुढच्या तारखेला खूण.

कुठल्या दारी जायचं

राज्य शासनाच्या कार्यालयात शासनाच्याच आदेशानं मंजूर पदावर असाल तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, ज्याला सगळे मॅट म्हणतात. त्याचं नागपूरला खंडपीठ आहे. १९८५ च्या कायद्यानुसार अंतिम आदेशापासून एक वर्षाच्या आत अर्ज करायचा. निवेदनाला उत्तरच नसेल तर सहा महिने वाट बघायची आणि ते संपल्यापासून एक वर्ष मोजायचं. मात्र नोकरीवरून काढतच असतील तर सहा महिने थांबायचं नसतं. निकड दाखवून लगेच जाता येतं. इथं हरलात तर उच्च न्यायालय. १९९७ च्या चंद्रकुमार निकालानंतर मॅट ओलांडून थेट तिकडे जाता येत नाही.

जिल्हा परिषद, नगर परिषद, सोसायटी किंवा शासकीय अभियान असेल तर बहुधा मुंबई उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ. विदर्भाचे अकराही जिल्हे त्याच्याकडे आहेत. रिट याचिकेला ठरलेली मुदत नाही, पण उशिराचं कारण विचारलं जातं. सिरोंच्याहून नागपूरच्या सिव्हिल लाइन्सला पोचायला अख्खा दिवस लागतो हे खरं, तरी याचिका चालू असताना तुम्ही प्रत्येक तारखेला हजर असण्याची गरज नसते. शपथपत्राच्या वेळी जा, आणि शक्य झालं तर पहिल्या सुनावणीला.

दवाखाना, पाणीपुरवठा, कार्यशाळा अशा ठिकाणचे कामगार, चालक, सफाईवाले असाल तर औद्योगिक न्यायालय. महाराष्ट्राच्या अनुचित कामगार प्रथांविरुद्धच्या १९७१ च्या कायद्यात, ज्याला वकील "यूएलपी" म्हणतात, अनुसूची चारमधली ६वी बाब जणू आपल्यासाठीच लिहिली आहे: कायमपणाचे हक्क बुडवण्याच्या हेतूनं कामगारांना वर्षानुवर्षं तात्पुरतं ठेवणं ही अनुचित प्रथा. एसटी महामंडळाविरुद्ध कास्ट्राईब संघटनेच्या २००९ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की उमादेवीमुळे औद्योगिक न्यायालयाचे हे अधिकार संपत नाहीत. मुदत मात्र फक्त ९० दिवस. केंद्राच्या नव्या कामगार संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाल्या आहेत, त्यामुळे या वाटेनं जाण्याआधी आज कोणत्या कलमाखाली तक्रार करायची हे कामगार कायद्याच्याच वकिलाला विचारा.

खासगी अनुदानित शाळेत असाल तर यातलं काही नाही. शाळा न्यायाधिकरण, आणि अपिलाला ३० दिवस.

दार चुकलं तर केस मरत नाही, पण दोन वर्षांनी "योग्य ठिकाणी जा" असं ऐकण्याची पाळी येते. वकिलाला पहिल्याच भेटीत विचारा: "साहेब, माझं प्रकरण इथंच चालेल याला आधार काय?"

वकील, पैसा आणि सोबती

एकट्यानं जाण्यापेक्षा एकाच संवर्गातल्या, एकाच जाहिरातीतल्या पाच-दहा जणांनी मिळून जावं. खर्च वाटला जातो. पण वेगवेगळ्या पद्धतीनं लागलेल्यांना एका याचिकेत कोंबू नका. एकाची नेमणूक जाहिरातीशिवाय असेल तर कोर्ट सगळ्यांकडे त्याच नजरेनं बघू लागतं. आणि "त्यांचं होऊ दे, मग आपण जाऊ" म्हणून कुंपणावर बसू नका. झोपून राहिलेल्यांना दुसऱ्यांच्या निकालाचा फायदा मिळेलच असं नाही, हे २०१४ च्या अरविंद कुमार श्रीवास्तव प्रकरणात लिहिलेलं आहे.

"माणशी अमुक हजार द्या, मंत्रालयातून जीआर काढून आणतो" म्हणणारा माणूस प्रत्येक तालुक्यात भेटतो. त्याला एक रुपयाही देऊ नका. वकिलाची फी द्या आणि पावती घ्या. वकालतनाम्यावर कोणत्या कोर्टाचं नाव आहे ते वाचूनच सही करा.

पैसे नसतील तर जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. महिला, अनुसूचित जाती-जमातीतले आणि दिव्यांग यांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो. इतरांना महाराष्ट्रात वार्षिक ३ लाखांपर्यंत. उच्च न्यायालयासाठी नागपूरलाच विधी सेवा उपसमिती आहे. मदतक्रमांक १५१००. यात कमीपणा काही नाही, हा कायद्यानं दिलेला हक्क आहे.

मुदत संपायच्या आधी स्थगिती

आदेश ३१ मार्चला संपतो आणि मुदतवाढीची हालचाल दिसत नाही, तर मार्चच्या पहिल्या आठवड्यात याचिका दाखल व्हायला हवी. तुम्ही नोकरीत असताना "जैसे थे" आदेश मिळणं आणि बाहेर पडल्यावर परत आत जाणं यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. एप्रिलमध्ये गेलात तर सरकारी वकील पहिलंच वाक्य म्हणतात, "अर्जदार आता सेवेत नाहीत." म्हणून फेब्रुवारीतच फाईल वकिलाच्या टेबलावर हवी.

अंतरिम आदेशावर कितीही वर्षं काम केलं तरी ती वर्षं उमादेवीच्या दहा वर्षांत धरली जात नाहीत, हेही ध्यानात असू द्या. म्हणून याचिका करण्याआधीची सेवा किती, हा आकडा पहिल्या पानावर लिहून घ्या.

आदेश हातात आल्यावर

निकाल लागला की संकेतस्थळावरची प्रत काढा, पण प्रमाणित प्रतीसाठीही लगेच अर्ज करा. दुसऱ्या दिवशी रुजू अहवाल, आदेशाची प्रत आणि एक पानाचं पत्र घेऊन कार्यालयात जा. पुन्हा तेच आवक टेबल, तोच लिपिक. यावेळी पत्रावर याचिकेचा क्रमांक आणि आदेशाची तारीख ठळक लिहिलेली हवी, आणि कोर्टानं दिलेली मुदत कधी संपते तेही. साहेब म्हणतील, "वरिष्ठांचं मार्गदर्शन मागवलंय." मागवू द्या. तुम्ही पोच घ्या आणि रोज हजर राहत असल्याचं पुन्हा लिहून द्या. मुदत उलटली तर वकिलामार्फत नोटीस, आणि तरीही नाही तर अवमान याचिका. तिला एक वर्षाची मर्यादा आहे, आदेश मोडल्याच्या दिवसापासून.

त्या ताई तीन दिवस उपकेंद्रावर गेल्या. तिसऱ्या दिवशी आवक लिपिकानं पोच दिली, निळ्या शाईचा शिक्का अर्धाच उमटला होता. मी फोनवर सांगितलं, पुन्हा मारून घ्या, तारीख दिसली पाहिजे. त्यांनी मारून घेतला. त्यांची याचिका दाखल झाली तेव्हा त्या अर्जाला "परिशिष्ट एक" असा क्रमांक पडला.